जानकाबाईचे वीस दिवस

जानकाबाई रोकडेनं बत्तीस वर्षांच्या संसारात नवऱ्यापासून एकच गोष्ट लपवली, आणि तीही गुडघ्यांपायी. पिंपळवंडीपासून अर्ध्या कोसावर त्यांची वाडी. आधी लोकांचे टोमॅटो तोडून आणि मग स्वतःच्या वीस गुंठ्यांत खुरपून खुरपून तिचे दोन्ही गुडघे असे धरले होते, की उठताना भिंतीचा आधार घ्यावा लागे. नारायणगावच्या डॉक्टरनं गोळ्या दिल्या. मंचरच्या डॉक्टरनं फोटो काढला आणि वाटी बदला म्हणाला. बाईनं वाटी बदलायचं ऐकलं आणि मंचरची वाटच सोडली.

मग खुरपणीला येणाऱ्या एका बाईनं तिला आणे पठारावरच्या एका वस्तीचा पत्ता दिला. तिथं एक बाबा पुड्या देतो, तीन दिवसांत माणूस पळायला लागतं. बाबाची अट एकच होती. आधी दारातल्या म्हसोबापुढं नारळ फोडायचा, उदबत्ती लावायची, आणि मग पुडीला हात लावायचा. जानकाबाईनं नारळ फोडला. तिसऱ्या दिवशी सकाळी ती भिंतीला हात न लावता उठली आणि स्वतःच चकित झाली.

दुसऱ्या कुणाच्या घरात हे घडलं असतं तर बाईनं गावभर सांगितलं असतं. पण हे घर सोपान रोकडेचं होतं. सोपानचे वडील सावळाराम यांनी धर्मांतरानंतर घरातले देव टोपलीत घालून कुकडी नदीत सोडले होते, आणि त्यानंतर त्या घरात नारळ फुटला तो फक्त चटणीसाठी. सोपान वीजमंडळात लाइनमन होता. निवृत्त झाल्यावर वाडीच्या विहाराचा सचिव झाला. अंगारे, धुपारे, दोरे यांचं नाव काढलं की त्याच्या मानेची शीर उडे. शेजारच्या एका पोराच्या गळ्यात ताईत दिसला, तर ह्यानं त्याच्या बापाला विहारात सगळ्यांपुढं उभं केलं होतं. अशा माणसाला म्हसोबापुढं नारळ फोडल्याचं कोण सांगेल? जानकाबाईनं नाही सांगितलं. गुडघे बरे झाले ते चालण्यानं झाले, असं ती म्हणाली, आणि सोपाननं वाडीतल्या चार बायकांना चालायचा सल्ला दिला.

इथवर सगळं हसण्यासारखं होतं. पुढचं नाही.

ह्या दोघांना दोन लेकरं. थोरला प्रबुद्ध चाकणला कंपनीत होता आणि तिथंच राहत होता. धाकटी अमृता. अमृता तेरा वर्षांची असताना नारायणगावच्या मार्केटला बापाबरोबर टोमॅटो घेऊन गेली आणि भरलेली दोन कॅरेट एकावर एक ठेवून एका दमात गाडीवरून उतरवायला लागली. ते शाळेच्या औटी सरांनी पाहिलं. औटी सर खेळाचे मास्तर. स्वतः कधीकाळी वजनं उचलत, आता बंद पडलेल्या एका पोल्ट्रीच्या शेडमध्ये मुलींना शिकवत. शेडमधून कोंबड्यांचा वास दहा वर्षं झाली तरी गेला नव्हता. सर सोपानला म्हणाले, "ही पोर मला द्या." सोपान म्हणाला, "घ्या, पण परत माणूस करून द्या."

दहा वर्षांत सरांनी तिला राज्याची विजेती केली, मग विद्यापीठाची. एकोणसाठ किलोच्या गटात देशात दुसरा नंबर आला तेव्हा तिच्या खांद्यांना बसेल असं झंपर गावात मिळेना, म्हणून जानकाबाईनं तिला झंपरं स्वतः शिवायला घेतली. बाया म्हणायच्या, असले खांदे घेऊन कोण करणार हिला? जानकाबाईला ते लागायचं, खोटं कशाला बोला. पण पोर बार डोक्यावर घेऊन उभी राहिली, की तिला असं काही वाटायचं की त्यापुढं जावई बिवई सगळं फिकं.

औटी सरांचा एक नियम होता, आणि तो त्यांनी शेडच्या दारावर रंगवूनच घेतला होता. विचारल्याशिवाय औषध नाही, सर्दीचंसुद्धा नाही. बाहेरचं खाणं नाही. स्पर्धेला जाताना मुलींचं सगळं खाणं घरून यायचं. सर जानकाबाईला म्हणायचे, "काकू, हिच्या पोटात तुमच्या हातचं सोडून काही जाऊ देऊ नका. बाकी जगावर माझा विश्वास नाही."

दुसरा नंबर आला त्याच्या पुढच्या वर्षी, नॅशनलला दोन महिने राहिले असताना, अमृताचा डावा गुडघा धरला. पोर बोलायची नाही, पण ओट्याची पायरी ती आडवी होऊन उतरायला लागली. तशी पायरी कोण उतरतं हे जानकाबाईला कुणी सांगायची गरज नव्हती. सरांनी शेक दिला, वजन कमी केलं, पुण्याच्या डॉक्टरला दाखवलं. डॉक्टर म्हणाला, विश्रांती. दोन महिन्यांवर नॅशनल आणि म्हणे विश्रांती. त्यात पोलीस खात्यात खेळाडूंच्या कोट्यातून भरती निघाली होती, आणि अमृताचं नाव त्या यादीत होतं.

जानकाबाई पुन्हा पठारावर गेली. पुन्हा नारळ फोडला. पुड्या आणल्या. पोर औषध घेणार नाही हे तिला ठाऊक होतं, म्हणून तिनं विचारलंच नाही. हुलग्याच्या माडग्यात एक पुडी, पुढच्या आठवड्यात एक. गुडघा हलका झाला. मग नॅशनलला नेण्यासाठी तिनं नाचणीचे लाडू केले आणि राहिलेल्या पुड्यांपैकी तीन त्या पिठात मिसळल्या. दोन पुड्या मिठाच्या डब्यामागं राहिल्या. आई होती. पोराला ताप आला तर साखरेत लपवून गोळी देणारी आई. त्यापलीकडं तिच्या मनात काही नव्हतं, आणि हे मी तिची बाजू घेऊन सांगत नाही, होतं ते सांगतोय.

नॅशनल लांब, परराज्यात होती. घरच्यांनी ती, सुट्टी काढून आलेल्या प्रबुद्धच्या मोबाइलवर पाहिली. शेवटच्या खेपेला बारवर एकशे चौदा किलो होते. त्याआधी अमृतानं एकशे नऊच्या वर कधी काही नेलं नव्हतं. तिनं बार खांद्यावर घेतला, एक श्वास थांबली आणि वर नेला. पंचांचे तिन्ही दिवे पांढरे लागले, म्हणजे उचल मान्य. सोपान पहिल्यांदा उभा राहिला आणि मग काय करावं ते न कळून पुन्हा बसला.

सुवर्णपदक घेऊन पोर आली तेव्हा फाट्यावर उघडी जीप आणि डीजे होता. सरपंच दादाभाऊ म्हणाले, "सोपानराव, मिरवणूक आदी ओझरला न्हिऊ. इघ्नहर गणपतीच्या पायाशी मेडल ठिवू, मग गावात फिरवू." सोपान म्हणाला, "मेडल पोरीच्या गळ्यातच ऱ्हाईल, दादाभाऊ. तुमचा मान हाय, पण आमी विहारापासनं निघणार." काहींची तोंडं वाकडी झाली. तरी माणसं आली, गुलाल उडाला, पोरीच्या खांद्यांवर शाली पडल्या. जानकाबाई जीपच्या मागं चालत होती. दीड कोस चालली आणि गुडघा एकदाही दुखला नाही.

दीड महिन्यानं मेल आला.

औटी सर सकाळी सातला मोटारसायकलवरून आले. त्यांनी दाढी केली नव्हती. अमृता, सोपान आणि जानकाबाई तिघं ओसरीवर बसली, आणि सरांनी दिल्लीच्या ऑफिसचं पत्र मोबाइलवर वाचून त्याचा मराठीत अर्थ सांगितला. अमृताच्या लघवीच्या तपासणीत स्टेरॉइड सापडलं होतं. सांधेदुखीवर देतात त्या जातीचं, स्पर्धेच्या दिवसांत घ्यायला बंदी असलेलं.

"सर, मी काही घेतलं नाही," अमृता म्हणाली.

"मला माहितीये. पण अंगात सापडलं की जबाबदारी तुझी, असा त्यांचा कायदा आहे." सरांनी मोबाइल खाली ठेवला. "आता नीट ऐका सगळ्यांनी. हे मेडल गेलं, ते काही वाचत नाही. पण आजपासून वीस दिवसांत उत्तर द्यायचंय. हे कुठून आलं, कुणाच्या चुकीनं आलं, ते पुराव्यानिशी दाखवता आलं, तर बंदी चार-सहा महिन्यांवर येईल. मागच्या वर्षीचं रौप्य आहे, त्यावर नोकरी टिकेल. नाही दाखवता आलं तर दोन वर्षं, आणि जन्माचा शिक्का. शिक्का बसलेल्या पोरीला पोलीस घेत नाहीत."

मग त्यांनी एकेक विचारायला सुरुवात केली. पाण्याची बाटली कुणाकडं होती, मलम कुठलं लावलं, खोलीत बरोबर कोण होतं. सगळं विचारून झाल्यावर ते जानकाबाईकडं वळले. "काकू, लाडवात काय काय होतं?"

सोपान तिच्या उजव्या हाताला बसला होता. त्याचा गुडघा तिच्या गुडघ्याला लागत होता.

"नाचनी, गूळ, तूप," जानकाबाई म्हणाली. "आन दुसरं काय असतंय लाडवात?"

"मेथी, डिंक, काही दुसरं?"

"न्हाई."

सरांनी मान हलवली आणि पुढच्या प्रश्नाला गेले. खोटं बोलायला इतका थोडा वेळ लागतो हे जानकाबाईला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. संध्याकाळी न्हाणीची चूल पेटवताना तिनं मिठाच्या डब्यामागच्या दोन्ही पुड्या विस्तवात टाकल्या. टाकल्या आणि मग तिच्या डोक्यात उजेड पडला, की सर ज्याला पुरावा म्हणत होते तो हाच. चुलीत हात घालून उपयोग नव्हता. कागद केव्हाच जळून गेला होता.

आता कुणी म्हणेल, एवढं कळत होतं तर बाई बोलली का नाही? असं विचारणारे शहाणे असतात, पण त्यांना रोज संध्याकाळी सोपान रोकडेला ताट वाढायचं नसतं. नवऱ्याची भीती एकटी नव्हती. आपल्या हातून पोरीचं वाटोळं झालं हे तोंडानं म्हणायचं, आणि म्हटल्यावर ते खरं होणार, याची भीती त्याहून मोठी होती. न बोललं तोवर कदाचित ते लाडवातलं नसेल. कदाचित पाण्यातलं असेल. रात्रभर ती असं मनाला समजवायची आणि सकाळी अमृताचं तोंड पाहिलं की तिचं तिलाच पटायचं नाही.

गावात बातमी पोचायला दोन दिवस लागले. ज्यांनी शाली घातल्या होत्या तेच पारावर बोलायला लागले. ह्यांना सगळं कोट्यातलंच लागतं, वजन उचलायलासुद्धा बाहेरची मदत, असं एकजण म्हणाला आणि बाकीचे हसले. विघ्नहराला डावललं की असंच होतं, असं दुसरा म्हणाला. सोपान त्या पारावरून मान ताठ ठेवून रोज दोनदा जायचा. त्याचा पोरीवर विश्वास होता. "माझी अमू खोटं बोलायची न्हाई," असं तो विचारेल त्याला आणि न विचारेल त्यालाही सांगायचा. ते ऐकलं की जानकाबाई काहीतरी काम काढून आत जायची.

औटी सरांच्या शेडमध्ये अकरा मुली यायच्या. दुसऱ्या आठवड्यात चार उरल्या. मास्तरच काहीतरी टोचतो, असं आईबापांनी ठरवलं होतं. सरांना दिल्लीहून दोनदा फोन आला. चौकशी आपल्याभोवती फिरतेय हे त्यांना कळत होतं, तरी ते रोज यायचे, वहीत लिहिलेले प्रश्न पुन्हा विचारायचे आणि उन्हात परत जायचे.

अकराव्या दिवशी जानकाबाईनं ठरवलं की बोलायचं. सोपान विहारात गेला होता. अमृता भाकरी खात होती. जानकाबाई तिच्यासमोर बसली आणि म्हणाली, "अमू."

अमृतानं हातातला घास ताटात ठेवला. वर पाहिलं. तिनं ज्या तऱ्हेनं पाहिलं, त्यात काही घाई नव्हती. "काय, आई?"

जानकाबाईनं ताटाकडं पाहिलं. "मीठ कमी झालंय का गं?"

अमृतानं ताट बाजूला सारलं. मग म्हणाली, "नाही. बरोबर आहे." आणि तिनं उरलेली भाकरी कुत्र्याला टाकली.

विसाव्या दिवशी सकाळी जानकाबाई ओतूरच्या बहिणीकडं जाऊन येते म्हणाली आणि फाट्यावरून आळेफाट्याची एस.टी. धरली. ती बहिणीकडं जात नव्हती. रात्री बारापर्यंत मुदत आहे हे सरांच्या तोंडून तिनं ऐकलं होतं, आणि एकोणीस दिवसांत जे जमलं नाही ते तिनं आदल्या रात्री ठरवलं होतं. पण नुसतं सांगून काय उपयोग? हातात पुडी पाहिजे. तीच पुडी, त्याच बाबाची. ती ठेवायची सरांपुढं आणि म्हणायचं, हे घ्या, हे मी घातलं, पोरीला ठाऊक नव्हतं. मग नवरा काय म्हणायचं ते म्हणू दे.

आळेफाट्याला दोन तास गाडीच नव्हती. पठारावर पोचली तेव्हा ऊन कलत होतं. बाबाच्या दारात पंचवीस-तीस माणसं बसली होती, बहुतेक बायका, सगळ्यांचे पाय लांब पसरलेले. तिचा नंबर आल्यावर ती म्हणाली, "तीच पुडी द्या, मागं दिल्ती ती. आन तीत काय काय घालता त्ये बी सांगा."

बाबा पन्नाशीचा, अंगात इस्त्रीचा शर्ट. तो तिच्याकडं बघून हसला. "काय घालता म्हंजी? गुन आला का न्हाई?"

"आला."

"मग झालं की. आदी नारळ फोडा, मावशी. तुमाला ठावं हाय."

जानकाबाईनं तिसऱ्यांदा नारळ फोडला. पुड्या मिळाल्या. त्या तिनं रुमालात बांधल्या, रुमाल झंपरात खोचला आणि परतीच्या रस्त्याला लागली. गाडीत तिनं मनातल्या मनात सगळं बोलून पाहिलं. दहा वेळा बोलली. दहाव्या वेळी तिला रडू न येता पूर्ण बोलता आलं.

ती घरी आली तेव्हा दिवे लागले होते. सोपान अंगणात खाटेवर बसला होता. त्याच्या हातात काही नव्हतं, आणि तो तिच्याकडं बघत नव्हता. तिला वाटलं उशीर झाला म्हणून रागावला असेल. ती सरळ आत अमृताकडं गेली आणि रुमाल सोडून तिच्यापुढं ठेवला.

"ह्ये मी घातलं व्हतं," ती म्हणाली. "लाडवात. माडग्यात बी. पठारावरच्या बाबाचं हाय. सरांना फोन लाव. बारापर्यंत टाइम हाय ना? लाव फोन."

अमृतानं पुड्यांकडं पाहिलं. हात लावला नाही.

"मी चार वाजता उत्तर पाठवलं, आई."

"काय पाठवलं?"

"गुडघा दुखत होता म्हणून मी स्वतः मेडिकलमधून गोळ्या घेतल्या. सरांना विचारलं नाही. माझी चूक आहे. असं लिहिलं."

जानकाबाईला क्षणभर अर्थच लागेना. "पर तू घेतल्या न्हाईस."

"नाही घेतल्या."

"मग का लिहिलंस?"

"सर अडकत होते. कुणीतरी दिलं असणार, तर मग सरांनीच, असं झालं होतं. त्यांची शेड बंद झाली असती." अमृता भिंतीकडं बघून बोलत होती. "लाडू कडू लागले होते, आई. मला वाटलं मेथी असेल. सरांनी विचारलं आणि तू मेथी नाही म्हणालीस, तेव्हाच मला कळलं. संध्याकाळी न्हाणीत कागद जळाल्याचा वास आला."

"तवापासनं तुला ठावं व्हतं?"

"हो."

"मग बोलली का न्हाईस गं?"

"मी कशी बोलू? पप्पांपुढं तुझं नाव घेऊ? तूच बोलशील म्हणून वाट बघितली. वीस दिवस बघितली. आज सकाळी तू मावशीकडं जाते म्हणालीस, मला वाटलं, आज शेवटचा दिवस म्हणून तू निघून गेलीस."

जानकाबाई खाली बसली. आईला रागवावं तशी अमृता रागावली नाही, ओरडली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं.

"आता लाव ना फोन," जानकाबाई म्हणाली. "आता सांगू, ते खोटं व्हतं, ह्ये खरं हाय."

"आता सांगितलं तर मी खोटं लिहून दिलं असं होईल. त्याची शिक्षा वेगळी असते. दोनाची चार वर्षं होतील." तिनं पुड्यांकडं बोट केलं. "आणि एक सांगू? नोकरी गेली, त्याचं एवढं नाही. पण ते एकशे चौदा मी उचलले का त्या पुडीनं उचलले, ते मला आता कधीच कळणार नाही."

जानकाबाई उठून अंगणात आली. सोपान तसाच बसला होता. पोरीनं लिहिलेलं उत्तर त्यानं चार वाजता वाचलं होतं, आणि तेव्हापासून तो पोरीशी बोलला नव्हता. माझी अमू खोटं बोलायची नाही, असं वीस दिवस ज्यानं गावाला सांगितलं, त्याला पोरीनं लिहून दिलं होतं की ती खोटं बोलत होती. जानकाबाई त्याच्यापुढं उभी राहिली आणि गाडीत पाठ केलेलं सगळं बोलली. पठार, बाबा, म्हसोबा, तीन नारळ, पुड्या, लाडू, चूल. काही गाळलं नाही.

सोपाननं पूर्ण ऐकून घेतलं. त्याच्या मानेची शीर उडाली नाही.

"मला का न्हाई सांगितलं?" त्यानं विचारलं.

"तुमी वरडला असता."

"वरडलो असतो," सोपान म्हणाला. "दोन दिस वरडलो असतो, जानका. लई तर चार दिस."

तो उठून आत गेला, पोरीच्या खोलीच्या उंबऱ्यात उभा राहिला. अमृतानं त्याला सांगितलं, की हे आता चौघांच्या बाहेर जायला नको, प्रबुद्धला धरून चौघं. सरांनासुद्धा नाही. कळलं तर सर गप्प बसणार नाहीत, आणि मग चार वर्षं. सोपाननं मान हलवली. आयुष्यभर ज्यानं दुसऱ्यांच्या घरातलं खोटं विहारात आणून उभं केलं, त्याला आता स्वतःच्या घरातलं खोटं राखायचं होतं, आणि ते राखलं तरच पोरीचं उरलंसुरलं वाचणार होतं.

महिन्यानं दिल्लीचा निकाल आला. पदक काढून घेतलं, दोन वर्षांची बंदी. पोलीस भरतीच्या यादीतून नाव गेलं. अमृता चाकणला भावाकडं राहायला गेली आणि एका गोदामात माल मोजायच्या कामाला लागली. तिथं तिला कुणी ओळखत नव्हतं, म्हणून तिनं ते काम घेतलं. औटी सरांनी तिला निरोपसुद्धा पाठवला नाही. त्यांच्या लेखी तिनं दारावर रंगवलेला नियम मोडला होता.

त्यानंतरच्या रविवारी विहारात वंदना होती. सोपान सचिव म्हणून पुढं बसला आणि त्यानंच पंचशील म्हणायला सुरुवात केली. खोटं बोलण्यापासून दूर राहण्याचं शील आलं तेव्हा त्यानं तेही म्हटलं. वंदना झाल्यावर सतरंजी गोळा करताना वाडीतले एक म्हातारे त्याच्याजवळ आले. सोपानला अंगाखांद्यावर खेळवलेलं माणूस. त्यांनी सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, कारण ते स्वतः कमी ऐकायचे.

"सोपान, खरं काय रं त्ये? पोरीनं घेतलं, का कुनी दिलं तिला?"

माणसं थांबली. सोपाननं सतरंजीची घडी पूर्ण केली.

"घेतलं, बाबा," तो म्हणाला. "पोरीचं चुकलं."

जानकाबाई बायकांमध्ये उभी होती. शेजारच्या बाईनं तिच्या पाठीवरून हात फिरवला. "जाऊ दे बया," ती हळूच म्हणाली. "आजकालची पोरं आईबापाचं ऐकत्यात व्हय?"

"न्हाई ऐकत," जानकाबाई म्हणाली.